रेतीत राहणारा दुर्मीळ ढेकण्या आणि आपली कन्हानची रेती : कोणी असं काही पाहिलंय का?

कन्हानकाठ
मंडळी, नमस्कार. ब्रिटनमधल्या एका ढेकण्याबद्दल, म्हणजे सोंडेने रस शोषणाऱ्या किड्याबद्दल वाचलं आणि तो काही डोक्यातून जात नाही, म्हणून धागा काढतोय.

किड्याचं नाव ओडोंटोसेलिस फुलिजिनोसा. लांबी ६ ते ८ मिलिमीटर, रंग तपकिरी ते जवळपास काळा, अंगभर बारीक केस. समुद्रकाठच्या रेतीच्या टेकड्यांवर राहतो आणि ब्रिटनमध्ये केंटमधलं सॅंडविच बे, दक्षिण वेल्सचा किनारा अशा मोजक्याच ठिकाणी सापडतो. एरोडियम नावाची जमिनीला चिकटून वाढणारी एक छोटी वनस्पती आहे, तिच्या बुडाशी हा अर्धा रेतीत गाडून घेऊन बसतो आणि तिच्या बियांमधला रस शोषतो.

याच्या पाठीची गंमत अशी. आपल्या नेहमीच्या हिरव्या ढेकण्याच्या पाठीवर पंखांच्या मधोमध एक त्रिकोण दिसतो ना, तोच त्रिकोण या किड्याच्या कुळात वाढत वाढत पार शेवटापर्यंत जातो. पंख, पोट, सगळं त्या एका ढालीखाली. बघणाऱ्याला वाटतं भुंगाच आहे.

आता माझं म्हणणं. नागपुरात रेतीचा विषय निघाला की आपण ब्रास, ट्रिप आणि भाव एवढंच बोलतो. तिकडे नखाएवढ्या किड्यासाठी लोक गुडघ्यावर बसून रेती चाळतात, कुठल्या तुकड्यात तो आहे आणि कुठे नाही याच्या नोंदी ठेवतात. आपल्या कन्हान, पेंच, वैनगंगेच्या काठच्या रेतीत काय राहतं, याची यादी कोणी केली आहे का? रेती म्हणजे रिकामी जागा असं आपण न बघताच ठरवून टाकलंय. कोणाला रेतीत किंवा रेतीतल्या झुडपांवर असे ढालीच्या पाठीचे ढेकण्ये दिसले असतील तर इथे लिहा.

अबोली_धरमपेठ
सेमिनरी हिल्सला कुंपणाच्या झुडपावर चकचकीत हिरवे किडे पाहिलेत, पाठीवर काळे-निळे ठिपके. घोळक्याने बसले होते. तेच का हे?

किडेमकोडे
@अबोली, कूळ तेच, स्क्युटेलेरिडी. तुम्ही पाहिलेला बहुधा क्रायसोकोरिस असावा. ते झुडूप मोगली एरंडाचं होतं का? त्याच्या फळांवर हे हमखास सापडतात. याच कुळातल्या झगमगीत किड्यांना ज्वेल बग म्हणतात. जगात या कुळाच्या साधारण ४५० जाती आहेत. त्यांची ती धातूसारखी चमक येते पाठीच्या कवचातल्या अतिशय पातळ थरांवरून प्रकाश परतताना.

कन्हानकाठ यांचा रेतीवाला मात्र याच घरातला असून अगदी मातकट. त्याला दिसायचंच नाहीये, रेतीत मिसळून जायचंय.

भुंगा की ढेकण्या हे ओळखायला दोन गोष्टी बघा. भुंग्याच्या पाठीवर मधोमध सरळ फट असते, कारण तिथे दोन कडक पंख भेटतात. या ढेकण्याची ढाल अखंड असते. दुसरं म्हणजे उलटा करून बघितला की पोटाखाली दुमडलेली सोंड दिसते. भुंग्याला चावायचा जबडा असतो, ढेकण्याला टोचून रस ओढायची सोंड. आणि ढेकण्याच्या आयुष्यात कोषाची अवस्था नसते. पिल्लं पाच वेळा कात टाकून मोठी होतात.

कास्तकार_काटोल
भाऊ, ढेकण्या दुर्मीळ होत असन तर आमाले पेढे वाटा लागन. कपाशीवर लाल ढेकण्या आला का सरकीचा रस पेते आन रुईले डाग पाडते. तुरीच्या शेंगा पोचट करणारे ढेकूण वेगळेच. फवारून फवारून माणूस थकते. आन तुमी म्हणता ह्याले वाचवा. काऊन बाप्पा?

महालकर
आमच्या लहानपणी ढेकूण म्हटलं की आई गाद्या उन्हात टाकायला लावायची. धागा उघडताना मला वाटलं तोच विषय आहे.

किडेमकोडे
@कास्तकार, तुमचा प्रश्न रास्त आहे. याच ढालवाल्या कुळात गव्हाचा मोठा शत्रू आहे, युरिगॅस्टर इंटेग्रिसेप्स. इराण, तुर्कस्तान, सीरिया या पट्ट्यात त्याने पिढ्यान्‌पिढ्या शेतकऱ्यांना रडवलंय. तो दाण्यात सोंड खुपसतो तेव्हा त्याच्या लाळेतली द्रव्यं दाण्यात उतरतात. त्या गव्हाच्या पिठातला चिवटपणाच मोडतो, कणीक पातळ होते आणि रोटी नीट होत नाही. म्हणजे कुळाला मी सर्टिफिकेट देत नाहीये.

पण ओडोंटोसेलिस एका रानटी झाडाच्या बिया खातो, पिकाच्या वाटेला जात नाही. आणि ढेकण्यांमध्ये तुमच्या बाजूने लढणारेही आहेत. इओकॅन्थेकोना नावाचा एक ढेकण्या अळ्यांना सोंड टोचून त्यांचा रस पितो. घाटेअळीसुद्धा त्याच्या खाण्यात येते. फवारणीत तोही मरतो.

कास्तकार_काटोल
घाटेअळी खाते? मंग त्याचा फोटो टाका ना पहिले. आमी त्याले लाल ढेकण्याचा भाऊ समजून मारत असू.

किडेमकोडे
टाकतो. तपकिरी रंग, खांद्याला दोन्ही बाजूंनी टोकदार काटे, आणि सोंड जाड. झाडाचा रस पिणाऱ्यांची सोंड बारीक असते. अळी सोंडेवर लटकवून चाललेला दिसला तर तोच समजा.

मंजिरी_कॅंटरबरी
नागपूरची मुलगी, सध्या केंटमध्ये. धागा बघून राहवलं नाही, कारण सॅंडविच बे आमच्यापासून फार लांब नाही.

रेतीच्या टेकड्या म्हटल्यावर आपल्या मनात राजस्थान येतं. इथल्या तशा नाहीत. समुद्राकडून आत येताना आधी मोकळी रेती, मग उंच मारम गवत धरून ठेवलेल्या टेकड्या, आणि त्यांच्या मागे बुटक्या गवताचा सपाट पट्टा. या पट्ट्यात मध्ये मध्ये ससे उकरतात, माणसं चालतात, तिथे रेती उघडी पडते. एरोडियम नेमकं अशाच उघड्या जागी उगवतं. गुलाबी बारीक फुलं, आणि फळ चोचीसारखं लांब. ऊन पडलं की ती रेती पटकन तापते, आणि गारठ्याच्या देशात किड्याला हवी असते तीच ऊब. लागूनच मोठमोठी गोल्फ मैदानं आहेत, त्यांच्या कडेच्या न कापलेल्या रेताड भागातही बरंच काही टिकून आहे.

मला इथे एक गोष्ट नव्याने समजली. मी समजत होते की टेकड्या वाचवायच्या म्हणजे गवत लावून रेती उडू द्यायची नाही. अनेक वर्षं इथेही तेच केलं, कुठे कुठे पाइनची झाडंसुद्धा लावली. १९५३ मध्ये मिक्सोमॅटोसिस या सशांच्या रोगाची साथ ब्रिटनमध्ये आली, ससे प्रचंड प्रमाणात मेले, आणि चरणारंच कोणी उरलं नाही. वर हवेतून पडणाऱ्या नायट्रोजनने गवताला खत मिळत राहिलं. टेकड्या हिरव्यागार झाल्या, आणि उघड्या रेतीवर जगणारी मंडळी एकेक करून हटत गेली.

आता वेल्समध्ये ‘सॅंड्स ऑफ लाइफ’ नावाच्या प्रकल्पात चक्क यंत्र लावून गवताचा थर खरवडून काढला, टेकड्यांमध्ये खाचा पाडल्या, म्हणजे वारा आत शिरेल आणि रेती पुन्हा हलेल. केनफिगला हे काम झालं. तिथली फेन ऑर्किड ही दुर्मीळ वनस्पतीही असल्याच उघड्या, ओलसर रेतीवर अवलंबून आहे. पहिल्यांदा पाहणाऱ्याला वाटतं, अरे, हे निसर्ग वाचवतायत की उद्ध्वस्त करतायत!

विटारेती
मी बांधकामात आहे, म्हणून दुसरी बाजू मांडतो. समुद्रकाठची टेकडी आणि नदीची रेती एक नाही. टेकडीवरची रेती शेकडो वर्षं तिथेच फिरत असते. कन्हानची रेती दर पावसाळ्यात पुरासोबत येते आणि जाते. जे पात्र दरवर्षी धुऊन निघतं, तिथे मुळाशी बसून राहणारा किडा टिकेल कसा? आणि आपण सगळे ज्या घरात बसून हा धागा वाचतोय त्या घराच्या प्लास्टरमध्ये कन्हानचीच रेती आहे. हे मान्य करूनच बोलावं.

पाखरू
@विटारेती, रेती येते-जाते म्हणून तिथे कोणी राहत नाही, हे पटत नाही. पुराने गवत-झुडूप धुतलं जातं म्हणूनच उन्हाळ्यात ती रेती उघडी मिळते, आणि त्या उघड्या रेतीचीच काहींना गरज असते. नदी सुरय बघा. पाणी उतरल्यावर पात्रातल्या रेतीच्या बेटावर नुसता खोलगट खळगा करून अंडी घालतो. काडी नाही, पान नाही. अंड्यांचा रंग असा की पाय पडेपर्यंत कळत नाही. आज हा पक्षी आययूसीएन या जागतिक निसर्गसंवर्धन संस्थेच्या यादीत ‘व्हल्नरेबल’, म्हणजे धोक्यात आलेला आहे. छोटी आर्ली, करवानक, तेही अशाच जागी अंडी घालतात. आणि रेतीचा उपसा नेमका कधी जोरात असतो? पाणी कमी असतं तेव्हा. ट्रॅक्टरचं एक चाक पुरतं.

मला किड्यांतलं कळत नाही, पण त्याच रेतीत पाण्याच्या कडेला टायगर बीटल नावाचे भुंगे पळताना दिसतात आणि कोरड्या भुसभुशीत रेतीत मुंग्या पकडणाऱ्या किड्याचे नरसाळ्यासारखे खड्डे दिसतात. म्हणजे वस्ती आहे.

महालकर
तुम्ही पात्रातल्या रेतीचं बोलताय आणि मला डांगरवाडी आठवली. पाणी उतरलं की ढीमर समाजाची माणसं रेतीत चर काढायची, शेणखत भरायची, आणि डांगर, टरबूज, काकडी लावायची. रात्री राखणीला तिथेच झोपडी. उन्हाळ्यात कन्हानच्या पुलाखाली हिरवे पट्टे दिसायचे. त्या वेलांवर एक किडा असायचा, काळं डोकं आणि लाल-नारिंगी अंग. हात लावला की असा वास सुटायचा की दिवसभर जायचा नाही. वाडीवाली बाई आम्हाला टरबुजाच्या फोडीच्या बदल्यात ते किडे वेचून डब्यात टाकायला लावायची. त्यांचं नाव काय असेल?

अबोली_धरमपेठ
महालकर काका, फोडीसाठी मी आजही किडे वेचायला तयार आहे. या उन्हात टरबुजाची आठवण काढायला नको होती हो.

किडेमकोडे
@महालकर, वर्णन अचूक आहे. तो कोरिडियस जेनस. काकडीवर्गीय वेलांवरचा ढेकण्या, ढालवाल्यांचा चुलत भाऊ म्हणा, पण त्याची पाठ पूर्ण झाकलेली नसते. वास सगळ्याच नात्यात चालत आलेला आहे. मोठ्यांच्या वासाच्या ग्रंथी छातीच्या खालच्या बाजूला उघडतात, पिल्लांच्या पाठीवर.

@विटारेती, तुमच्या शंकेत तथ्य आहे. ऐन पात्राच्या मधोमध मुळाशी राहणारा ढेकण्या मिळायची शक्यता कमी. पण नदीला फक्त मध्य नसतो. काठाची जी उंच रेती मोठा पूर आला तरच बुडते, तिथे विरळ गवत असतं, मधली रेती उघडी असते. मंजिरीताईंनी सांगितलेल्या पट्ट्याशी जुळणारी जागा ती आहे. शोधायचं तर तिथे.

एरोडियमची एक गंमत राहिली. त्याच्या बीला पीळ असलेली शेपटी असते. हवा कोरडी झाली की पीळ आवळतो, दमट झाली की सुटतो, आणि या आवळण्या-सुटण्यात बी फिरत फिरत स्वतःच जमिनीत शिरतं. आपल्याकडे हेच तंत्र कुसळीचं. पायजम्यात शिरलेलं कुसळ पुढे पुढेच सरकतं, ते याच कारणाने. आपल्या माळावर, काठावर कुसळी भरपूर आहे. तिच्या बुडाशी कोण बसलंय हे वाकून बघितलं पाहिजे.

कन्हानकाठ
वा! या उत्तरासाठीच धागा काढला होता.

@विटारेती, घरात रेती आहे हे मला मान्यच आहे, माझ्याही आहे. पण तुम्ही म्हणता दरवर्षी येते, ती पूर्वीइतकी येते का? पेंचवर तोतलाडोह आणि खाली नवेगाव खैरी आहे. वरून वाहत येणारी रेती धरणाच्या जलाशयात बसते. खाली सुटतं ते पाणी. म्हणजे कन्हानला पेंचकडून मिळणारा वाटा घटला आणि उपसा वाढला. तुमचा अनुभव काय?

विटारेती
अनुभव विचारलात तर सांगतो. जुन्या घाटांवर, म्हणजे रेती काढायच्या ठिकाणी, आता रेतीऐवजी खडक आणि चिखल लागतो, हे खरं आहे. नदीची जाड रेती पूर्वी सहज मिळायची, आता लांबून आणावी लागते. धरणाचा मुद्दाही बरोबर आहे. म्हणूनच आम्ही काँक्रीटला एम-सॅंड वापरायला लागलो, काळा दगड फोडून केलेली. नीट धुतलेली आणि चाळलेली असेल तर काँक्रीटला काही अडचण नाही. प्लास्टरला मिस्त्री अजून नदीचीच मागतात, हात बसलेला असतो त्यांचा.

पण सगळे घाट बंद करा, असं म्हणणं व्यवहारात बसणार नाही. ज्या तुकड्यात काही आहे तो दाखवा, नोंदवा, आणि तेवढा सोडा. उंच काठाची रेती सोडणं तर सोपं आहे. नाहीतरी ती मातीमिश्रित असते, कामाला हलकी. काठ पोखरला की शेजारच्याचं शेत ढासळतं, म्हणून तिला हात लावूच नये.

कास्तकार_काटोल
हे शेवटचं खरं बोलले. आमच्या नातेवाइकाचं मौद्याकडे वावर हाय, काठ पोखरला आन धुऱ्यासकट बांध गेला. किड्याच्या निमित्तानं काठ वाचला तर आमी किड्याच्या बाजूनं.

निळी_शाई
इतकं वाचून बघायची इच्छा झाली. पण शोधायचं कसं? मला तर सगळे किडे सारखेच दिसतात.

किडेमकोडे
सकाळी जा, ऊन चढायच्या आत. आपल्याकडे दुपारी रेतीवर बसवणारच नाही. विरळ गवताची जागा निवडा, गुडघ्यावर बसा आणि एकाच झुडपाभोवती थांबा. चालत राहिलात तर काहीच दिसणार नाही. झाडाच्या बुडाशी पडलेली पानं, बिया हळूच बाजूला करा, वरची बोटभर रेती पांढऱ्या ताटलीत घेऊन पसरा, आणि थांबा. हे किडे हालचाल झाली की मेल्याचं सोंग घेतात. थोड्या वेळाने पाय हलतात.

फोटो वरून एक, खालून एक, आणि झाडाचा एक घ्या. झाडाशिवाय ढेकण्याची नोंद अर्धीच. इतके फोटो का, तेही सांगतो. ओडोंटोसेलिसचा एक धाकटा भाऊ आहे, लिनिओला, ४ ते ६ मिलिमीटरचा. त्याच्या पाठीवर रुपेरी केसांच्या रेघा असतात. केस झिजले की दोघांत गोंधळ होतो, आणि ब्रिटनमधल्या जुन्या नोंदींत तर हा लिनिओला ‘डॉर्सेलिस’ या वेगळ्याच नावाखाली आढळतो. तिथे इतकी वर्षं इतके लोक बघत असूनही असं होतं. आपल्याकडे भारतातल्या ढेकण्यांचा पाया म्हणून अजून १९०२ सालचं डिस्टंट या इंग्रज कीटकतज्ज्ञाचं काम उघडावं लागतं. म्हणून फोटो जितके जास्त तितकं बरं. आयनॅचुरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर टाका.

एक अपेक्षा स्पष्ट ठेवू. ओडोंटोसेलिस फुलिजिनोसा कन्हानला मिळेल असं मी म्हणत नाही, तो तिकडचा आहे. आपल्या रेतीत आपले कोण आहेत, ते बघायचंय. राखीव जंगलाच्या हद्दीत परवानगीशिवाय किडा उचलू नका, फोटोवर थांबा. बघून झालं की रेती परत जागेवर.

मंजिरी_कॅंटरबरी
आणि पक्ष्यांच्या विणीच्या दिवसांत पात्रातल्या बेटांवर अजिबात जाऊ नका, पाखरू यांनी सांगितलंच आहे. इथेही टेकड्यांवर तेवढे महिने दोऱ्या बांधून वाटा बंद करतात.

शाळेतली_बाई
मी मौदा तालुक्यात शिकवते. एक सुचवते. जैवविविधता कायदा, २००२ नुसार प्रत्येक ग्रामपंचायतीची जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि तिने लोक जैवविविधता नोंदवही करायची असते. नोंदवहीत शेती, झाडं, मासे, औषधी वनस्पती येतात, किड्यांचं पान बहुतेक ठिकाणी कोरंच असतं. राज्य जैवविविधता मंडळाचं मुख्यालय आपल्याच नागपुरात आहे. तुमच्या नोंदी नुसत्या मोबाइलवर राहण्यापेक्षा काठच्या गावांच्या नोंदवहीत गेल्या, तर घाटाचा लिलाव ठरताना ग्रामसभेत बोलायला हातात कागद असेल. ‘इथे काही नाही’ असं मग कोणाला म्हणता येणार नाही.

माझ्या वर्गातल्या मुलांना घेऊन येईन. त्यातल्या काहींच्या आज्या अजून डांगरवाडी करतात. त्यांना रेतीतलं आपल्यापेक्षा जास्त माहीत आहे, त्यांनाही विचारू.

महालकर
बाई, त्या आज्यांना माझा नमस्कार सांगा. जमलं तर त्या वासाच्या किड्याला ते काय म्हणतात, तेही विचारा. आम्ही नुसतं ‘घाण्या’ म्हणायचो.

कन्हानकाठ
बाईंचं म्हणणं सोळा आणे पटलं. मी मंडळाच्या कार्यालयात जाऊन नोंदवहीत किडे कसे लिहायचे, त्याचा नमुना मागून आणतो. येत्या रविवारी सकाळी सहाला कामठीच्या बसस्थानकावर भेटू. तिथून वरच्या अंगाला, जिथे काठ उंच आहे तिकडे जाऊ. पात्रात उतरायचं नाही. पांढऱ्या ताटल्या, पाणी, टोपी, आणि ज्यांच्याकडे असेल त्यांनी भिंग आणावं. @विटारेती, तुम्ही आलात तर कुठला थर कोणत्या पुराचा, ते आम्हाला कळेल. येणारच ना?

विटारेती
येतो. सायंकाळपर्यंत थांबणं जमणार नाही, साइटवर स्लॅब आहे.

कास्तकार_काटोल
मी बी येतो. काटोलहून निघतो, गाडीत दोघांची जागा हाय, वाटेत कोणाले बसाचं असन तर सांगा. आन किडेमकोडे भाऊ, त्या अळी खाणाऱ्याचा फोटो अजून आला नाही.